जन्मदिवसाची आठवण

"माझ्या वेळी काय काय झालं, ते मला बघायचंय," पाठीशी उशी सारत लेक म्हणाली. "आज टाळू नकोस."

आई वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होती. "नर्सची पोरगी आणि बाळंतपणाला घाबरते! लोक हसतील मला."

"हसू देत."

लेकीला नववा महिना लागला होता. डॉक्टर सगळं ठीक आहे म्हणत होते, पण पोटात बाळाच्या जोडीला भीतीचा गोळाही होता.

आठवणींचा त्या घरात तोटा नव्हता. कपाळाला कपाळ टेकवलं की एकीची आठवण अलगद दुसरीत उतरायची. जिची आठवण, तिच्याच डोळ्यांनी ती दिसायची. आजीने नदीत मारलेली पहिली उडी आजीकडून आईकडे आणि आईकडून लेकीकडे आली होती. म्हणून तर पोहता येत नसूनही लेकीला पाण्याची भीती वाटत नसे. जन्माचा विषय निघाला की मात्र आईला नेमकं काहीतरी काम आठवायचं.

"खूप वाईट आहे का गं ती आठवण?"

"छे! तिच्याइतकं जपून मी काहीच ठेवलेलं नाही." आईने हातातला टॉवेल खाली ठेवला. "ये. बघून झालं की हवं ते विचार. मी इथेच आहे."

कपाळं टेकली.

कळ आली. कमरेतून अशी सणकत गेली की लेकीने दात आवळले. पुन्हा आली, पुन्हा. मग एकदम सगळं ओसरलं आणि खोलीभर रडणं घुमलं. छातीवर कुणीतरी ओलं, ऊबदार गाठोडं ठेवलं. चिमुकल्या मुठी, चिडलेलं नाक. ही मी! लेकीला हसू फुटलं. भीती कुठच्या कुठे पळाली. इतकं समाधान तिला जन्मात मिळालं नव्हतं.

मग हात जड होऊ लागले. खोली धूसर होत चालली. रात्रभर उशाशी बसलेल्या नर्सकडे तिने बाळ सरकवलं.

"सांभाळशील ना?" ओठ पुटपुटले.

नर्सने बाळाला छातीशी धरलं, मान हलवली आणि कपाळाला कपाळ टेकवायला ती खाली वाकली.

पांढऱ्या टोपीखालचा तो तरुण चेहरा आईचा होता.