हिरवी चिंधी

कचरा डेपोवर वेचून भरलेल्या गोणीला आई हिरव्या चादरीची चिंधी बांधायची. मग त्या गोणीला कोणी हात लावत नसे. ती दमली तरी थांबत नसे आणि मी तिला कधी 'पुरे' म्हणत नसे.

"मावशी, कचऱ्याचा अख्खा डोंगरच नावावर करून घ्या!" एके दिवशी शेजारीण आईला हसून म्हणाली.

"घेईन की. चिंध्या पुरल्या पाहिजेत."

दुसऱ्या दिवशी कचऱ्याचा कडा कोसळला. आई सापडली नाही.

आज शहरातून आलेला ट्रक रिकामा झाला. बांधलेल्या पिशव्या गडगडत खाली आल्या. प्रत्येकीला हिरवी चिंधी होती.

कचरा वेचणाऱ्या बायका मागे सरल्या. "तुझ्या आईच्या आहेत," शेजारीण म्हणाली.

मी एक गाठ सोडायला घेतली. आतून कोणीतरी ती घट्ट ओढली.

"आई, पुरे झालं," मी पहिल्यांदाच म्हणाले. "घरी चल."