रिकामा चाप

दशरथने कापडाचा चौकोनी तुकडा सळईच्या टोकाला गुंडाळला आणि नळीतून हळूच आरपार काढला. तुकडा पांढराच्या पांढरा निघाला. दोन वर्षं असाच निघत होता. गोळीच सुटली नाही, तर काजळी येणार कुठून?

तरी त्याने दुसरा तुकडा घेतला. आज शेवटचा रविवार होता. चार वाजता मांजरीहून पिस्तूल विकत घेणारी मुलगी, तनया, वडिलांना घेऊन येणार होती. पोलिसांची परवानगी आली होती. संध्याकाळपर्यंत पिस्तूल घरातून जाणार होतं.

जेवणाच्या टेबलावर वर्तमानपत्र अंथरून त्यावर त्याने सगळे भाग ओळीने मांडले होते. जे आधी निघालं ते डावीकडे, शेवटी निघालं ते उजवीकडे. हडपसरच्या पंपांच्या कारखान्यात एकतीस वर्षं फिटर म्हणून काढलेली, सवय कुठे जाते? लेक चैताली नेमबाजी शिकायला लागली तेव्हा हे काम त्याने आपणहून अंगावर घेतलं होतं. "तू नेम धर. मशीनचं मी बघतो."

त्याने नळी खिडकीच्या उजेडात धरली. मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन महिना झाला होता. आता सगळं लख्ख दिसायचं. गोळी जिथे बसते त्या तोंडाच्या कडेवर त्याला एक बारीक खाच दिसली. त्याने नख फिरवलं. नख अडकलं.

तो उठून भिंग घेऊन आला. कुणाला विचारायची गरजच नव्हती. एकच टणक टोक एकाच जागी शेकडो वेळा आपटलं, की कड अशी आत दबते. त्याने गोळीवर आपटणारी फायरिंग पिन उचलून खाचेवर टेकवली. बरोब्बर बसली.

पेटीत लाल प्लॅस्टिकची एक खोटी गोळी होती. घरी सराव करताना चैताली आधी ती आत घालायची, मगच चाप ओढायची. पहिल्याच आठवड्यात तिने त्याला सांगितलं होतं, "पप्पा, हे रिकामं मारायचं नसतं. आत काही नसलं की पिन थेट कडेवर बसते."

"गप गं. जोडलेलं मशीन न चालवता कुणाच्या हातात देऊ? एकतीस वर्षांत दिलं नाही."

आणि दर वेळी जोडून झालं, की समोरच्या भिंतीवर तिने सरावासाठी चिकटवलेल्या काळ्या ठिपक्यावर नेम धरून तो तीनदा चाप ओढायचा. टक्, टक्, टक्. मग समाधानाने पेटी बंद करायचा. ती खेळायची थांबली तरी त्याने हे थांबवलं नव्हतं. टक् वाजलं, की आत चैताली खोलीचं दार लावून घ्यायची. तिला जुनं आठवत असेल, असं त्याला वाटायचं.

"चैताली."

ती केस पुसत बाहेर आली. "झालं का? येतीलच ते."

त्याने नळी पुढे केली. "इथे कड दबलीय."

तिने वाकून पाहिलं नाही.

"त्या शेवटच्या निवड चाचणीत पिस्तूल अडकलं होतं का गं?"

"हात हलला माझा. किती वेळा सांगू?"

दोन वर्षं तोही हेच सांगत आला होता. विहारात, लग्नाकार्यांत, जुन्या कामगारांच्या घोळक्यात. पोरीला सगळं दिलं, ऐन वेळी तिचा हात हलला. एकदा तिच्या तोंडावरही म्हणाला होता, मनच घट्ट नाही तुझं. त्याच आठवड्यात तिने नोकरी धरली.

"यात गोळी पूर्ण बसणार नाही," तो म्हणाला. "मला कळतं. फिटर आहे मी."

"कळतं तर विचारता कशाला?"

त्याने नळी परत वर्तमानपत्रावर ठेवली.

"त्यांना सांगायला पाहिजे. त्या मुलीचंही असंच..."

"सांगितलंय. नळी बदलून घेणार आहेत."

"कशाने झालं म्हणून सांगितलंस?"

"मी रिकामं मारायचे म्हणून." तिने टॉवेल खुर्चीच्या पाठीवर टाकला. "तिचे वडील म्हणाले, एवढी वरपर्यंत खेळलेली मुलगी, एवढं साधं कळत नव्हतं? म्हटलं, नाही कळलं."

दशरथ खाली मान घालून भाग जोडू लागला. उजवीकडून डावीकडे. पिन, स्प्रिंग, नळी. हात आपलं काम करत होते. शेवटचा भाग बसला, तसं त्याचं बोट आपोआप चापाकडे गेलं आणि तिथेच थांबलं.

चैतालीने पिस्तूल त्याच्या हातातून घेतलं. मागे खेचून उघडलं, आत नीट पाहिलं, लाल गोळी घातली, बंद केलं. मग नळीचं तोंड भिंतीकडेच ठेवून त्याच्या हातात परत दिलं.

"ओढा," ती म्हणाली. "चालवून बघितल्याशिवाय देत नाही ना तुम्ही?"

बेल वाजली. ती दार उघडायला गेली.

दशरथ उठून उभा राहिला. हात लांब केला. भिंतीवरचा काळा ठिपका नव्या डोळ्याला स्वच्छ दिसत होता, पण काही केल्या नळीचं टोक त्याच्यासमोर ठरेना.