मामाचा दगड

दगड नडगीवर बसला आणि श्रीधर जाम नदीच्या काठावर आडवा झाला. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीची गोटमार, दोन काठांवरच्या गावांची दगडफेक, नुकतीच सुरू झाली होती. नदीत रोवलेल्या पळसाचा झेंडा तोडायला यंदा पांढुर्ण्याकडून तो निघाला होता. त्याची कुऱ्हाड दिलीपने उचलली. दगड समोरच्या काठावरून आला होता, सावरगावकडून. फेकणारा विजय होता, श्रीधरच्या बायकोचा, नलिनीचा धाकटा भाऊ. सगळ्यांनी पाहिलं.

चौघांनी श्रीधरला घरी आणून खाटेवर टाकलं. हाड कातडीबाहेर आलं होतं. नलिनीने कडेवरच्या पोरीला खाली ठेवलं आणि जुनं लुगडं टराटरा फाडलं.

"तुह्या भावानं जावयाचा पाय तोडला," सासू देवकाबाई म्हणाली. "आता बांध पट्ट्या."

"मामा," पोरगी म्हणाली. आठवडाभर तिला एवढंच येत होतं.

श्रीधर कॉलेजात भाषा शिकवायचा. या एका शब्दावरून त्याने घर डोक्यावर घेतलं होतं. चिनी लेकरू असं म्हणून आईला हाक मारतं. तमिळ लेकरू आपल्यासारखंच, आईच्या भावाला. जॉर्जियात तर बापाला. या भाषांचं एकमेकींशी काही नातं नाही. लेकराने ओठ मिटून उघडले की 'म' येतो, आणि जो जवळ असतो त्याला वाटतं, मलाच बोलावलं.

आज तो दात खाऊन म्हणाला, "आपल्याकडे मामा म्हणजे कंस. लिहून ठेव."

नलिनीने पट्टी आवळली. तिचे कान नदीकडे होते.

दुपारी शेजारचे नत्थूजी आले. ओट्यावरच बसले.

"दिलीप गेला. कुऱ्हाड घेऊन झाडापाशी पोचला, अन् चहूकडून दगड. कानशिलावर बसला. पाण्यातून काढला त डोळे उघडेच."

श्रीधरने भिंतीकडे तोंड फिरवलं. "माझ्या जागी गेला," तो म्हणाला आणि हमसून रडला.

संध्याकाळी रिवाजाप्रमाणे दोन्ही गावं चंडीच्या देवळात एक झाली. विजय तिकडे गेला नाही. तो मागच्या दाराशी आला. त्याचं कपाळ फुटलं होतं. नलिनी मोरीत रक्ताच्या चिंध्या धूत होती.

"ताई, हाड मोडलं का? माहा नेम घोट्यावर होता."

"जिवंत आहेत," ती म्हणाली. मग हळूच, "दिलीप गेला, विजू."

तो उंबऱ्यावर खाली बसला.

"मले काय सांगतं? तूच त म्हणत होती, भाऊजीले कोणाचा दगड डोक्यात लागण्याआधी तुहा पायात लागू दे म्हणून."