‘वेट’चं कार्ड

“बाबा, आईला याच दारातून ऑपरेशनला नेणार आहेत. दोन मिनिटं भेटू देतील, तेवढीच. मी खाली फॉर्म देऊन येते. लक्ष असू दे.”

“अगं, इथून हलतोय कुठे मी?” कोशकार म्हणाले. मुलगी गेली.

फिफ्टी-फिफ्टी धरून चला, असं डॉक्टरांनी सकाळीच सांगितलं होतं. नर्स येता-जाता म्हणत होती, “काका, वेट करा.” वेट! तीन आठवडे हाच शब्द त्यांच्या मानगुटीवर बसला होता. इंग्रजी-मराठी कोश ‘डब्ल्यू’पर्यंत येऊन इथेच अडला होता. अर्थ लिहायचं त्या शब्दाचं कार्ड खिशात होतंच. ते कुठल्याही शर्टात असायचं आणि शर्ट धुवायच्या आधी बायको न चुकता काढून ठेवायची.

हातात काहीतरी हवं म्हणून त्यांनी ते काढलं. आज या क्रियापदाचा अर्थ नुसतं थांबणं. पण जुन्या फ्रेंचमधून आलं तेव्हा ते पहारा देत होतं, आणि त्याच्याही मागे गेलं तर जागं राहणं. नुसता ‘पहारा’ फार कोरडा वाटत होता. आणि एकदम सापडलं. ‘डोळ्यांत तेल घालून वाट पाहणे.’ तीन आठवड्यांनी! त्यांनी पेनाचं टोपण दातात धरलं आणि बारीक अक्षरात लिहायला घेतलं.

मुलगी धापा टाकत आली. “भेटलात? काय म्हणाली आई?”

कोशकारांनी तोंडातलं टोपण काढलं. “अजून आणलं कुठे तिला?”

दारापाशी उभ्या असलेल्या वॉर्डातल्या मावशी चपापल्या. “आत्ताच नेलं की, काका. स्ट्रेचर तुमच्या समोरच उभं होतं. मी हाक मारणार, तर बाईच म्हणाल्या, ‘नको. टोपण तोंडात आहे. शब्द सापडलेला दिसतोय त्यांना.’”

“मग?”

“मग काय, थांबल्या दोन मिनिटं. तुमच्याकडे बघत.”

कोशकारांनी दार ढकलून पाहिलं. आतून बंद होतं. ते तिथेच दाराकडे तोंड करून उभे राहिले. मावशींनी खुर्ची आणली, मुलीने दंडाला धरून पाहिलं. बसेनात. डोळे भरून आले, गालावरून ओघळले, तरी पुसायला म्हणून त्यांनी दारावरची नजर काढली नाही.