विहाराची पायरी

गावाहून आलेल्या सरजाबाईंनी लेकाच्या खोलीत पिशवी खाली ठेवली आणि पाणी घ्यायच्या आधी विचारलं, "मी कुटं हाय? दाखव."

लातूरच्या त्या भाड्याच्या खोलीत आदर्शचा कॉम्प्युटर दिवसभर चालू असायचा. सिनेमाच्या दृश्यांतून नको असलेलं पुसायचं, हे त्याचं काम. विजेचे खांब, टॉवर, नटाच्या कमरेची तार. पुसलेलं कुणाच्या लक्षात आलं नाही म्हणजे काम झ्याक झालं. असल्या कामाचं कौतुक कोण करणार? पण उन्हाळ्यात बिलोलीजवळच्या त्याच्या गावात शूटिंग झालं आणि तीच दृश्यं नेमकी त्याच्याकडे आली. तेव्हा हरखून त्यानं आईला फोन केला होता. आता वाटत होतं, कशाला केला.

त्यानं दृश्य लावलं. घोड्यावरून नायक येतो. मागे कडुनिंब, देऊळ आणि उजवीकडे निळ्या झेंड्याचं विहार. पायरीवर पांढऱ्या साडीतली एक बाई.

"हीच की मी!" सरजाबाईंचं बोट पडद्याला टेकलं. "त्यो टोपीवाला म्हणला, मावशी, हलू नका. लई ऊन होतं. तोंडावर माशी बसली, तरी हलले न्हाई. सगळी वस्ती नांदेडला थेटरात यायचं म्हणून राहिली."

सकाळीच हैदराबादहून, त्याला काम देणाऱ्या सोमेशसरांचा निरोप आला होता. गोष्ट शंभर वर्षांपूर्वीची आहे, उजवीकडचं सगळं काढ, संध्याकाळपर्यंत हवं. आदर्शनं धीर करून फोन लावला होता. म्हणाला, "सर, देऊळपण मागच्याच साली बांधलंय."

"देऊळ चालतं रे. तुला जमत नसेल तर सांग, दुसऱ्याला देतो."

आता आदर्श आईला म्हणाला, "माय, जरा चहा ठेव ना."

"ठेवते की. आधी तुजं काम बघू दे."

तेवढ्यात फोन वाजला. सरच होते. "करतोय," एवढंच म्हणून आदर्शनं माऊस हातात घेतला.

आधी झेंडा गेला. त्या जागी आभाळ आलं. मग घुमट, मग भिंत. सरजाबाई पदर तोंडाला लावून बघत होत्या. मोकळ्या रानात नुसती पायरी उरली आणि पायरीवर त्या.

"विहार काहून काढलास?"

"गोष्ट जुनी हाय, माय. तवा विहार नव्हतं."

"मग मला तरी राहू दे. मी तर जुनीच हाय."

त्यानं कडुनिंबाखालचं थोडं गवत उचललं आणि पायरीवर, पांढऱ्या साडीवर पसरलं. दृश्य पुन्हा लावलं. नायक आला, घोडा फुरफुरला, देवळाची घंटा दिसली. उजवीकडे गवत वाऱ्यावर हलत होतं.

सरजाबाईंनी त्या गवतावर बोट टेकवलं. मग हळूच म्हणाल्या,

"मी तर हललेबी न्हाई रे."