मुद्देमाल परत
“संसार म्हटलं की भांड्याला भांडं लागायचंच,” म्हणत आईने तडजोड तिच्या गळी उतरवली होती. आज कोर्टात न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहत विचारलं, “बाई, कोणी दबाव तर आणला नाही ना?” तिने नुसती मान हलवली. “तोंडाने सांगा.” “नाही, साहेब. माझी तक्रार नाही.” भाजल्याचा त्रिकोणी डाग लांब बाहीखाली झाकलेला होता, त्याच हाताने तिने सही केली. नवऱ्यावरचा खटला तिथल्या तिथे मिटला. कारकुनाने पुराव्यांच्या कपाटातून जप्त केलेली इस्त्री काढली, वरची चिठ्ठी सोडवली आणि लाँड्री नवऱ्याच्या नावावर, म्हणून त्याच्याच हाती दिली. बाहेर पायऱ्यांवर आईला हायसं वाटलं. नवरा ओशाळं हसला. “उद्या दुकान उघडू,” म्हणत त्याने इस्त्री तिच्यापुढे केली. “धर गं, थंड आहे.” सही केलेला हात तिला न विचारताच पाठीमागे गेला.