पेनड्राइव्हची चिप

"सर, हा प्रोग्राम तुम्हीच लिहिलाय ना?" सायबर पोलीस ठाण्यातल्या निरीक्षक बाईंनी कागद पुढे सरकवला.

पॉलिटेक्निकमधून निवृत्त झालेल्या खरमाटे सरांनी चष्मा लावून पाहिलं. ओळ न् ओळ त्यांचीच होती. बंद पडलेल्या पेनड्राइव्हच्या चिपमधल्या सूचना नव्याने लिहून तो चालू करणारा हा प्रोग्राम त्यांनी इंटरनेटवर सगळ्यांसाठी फुकट ठेवला होता.

"कुणीतरी तो वापरून एका पेनड्राइव्हला कीबोर्डचं सोंग घ्यायला लावलं," बाई म्हणाल्या. "तो रक्तपेढीच्या दारात पडला होता. मालकाचं नाव कळावं म्हणून तिथल्या कारकून मुलीने संगणकाला लावला. त्याने आपोआप आज्ञा टाइप केल्या आणि सगळ्या नोंदी बंद पडल्या. योग्य रक्त शोधण्यात दोन तास गेले. एक बाळंतीण दगावली."

सरांना रडू आलं नाही. आपल्याला काहीच वाटत नाहीये, एवढंच त्यांना कळत होतं.

"बाळ?"

"आहे. मुलगी."

"प्रोग्राम काढून टाकू?"

"उपयोग होईल?"

"नाही. हजारो लोकांनी उतरवून घेतलाय."

"तुमच्यावर गुन्हा नाही, सर. तुम्ही जाऊ शकता."

सर उठले नाहीत.

"मॅडम, त्या कारकून मुलीला भेटता येईल?"

"कशाला?"

"तिला सांगायचंय, तो पेनड्राइव्ह नुसता बघून कुणालाच ओळखू आला नसता. मलासुद्धा नाही."